दादांचा आवाज, चाळीस केबीपीएसमध्ये

(भागाचा लेखी मजकूर. अडखळलो ते काढून टाकलंय, बाकी जसं बोललो तसं ठेवलंय.)

हा भाग शक्यतो वायरच्या इअरफोनवर ऐका. असतील कुठंतरी ड्रॉवरमध्ये, शोधा. कारण थोड्या वेळाने कळेल.

सुरुवात एका क्लिपने करतो.

(इथे वीस सेकंदांची क्लिप आहे. एक म्हातारा, पण ठाम आवाज कुराण पढतोय. मागे कुणीतरी खोकतं. आवाज पाण्याखालून आल्यासारखा आहे.)

हा आवाज माझ्या दादांचा. आता इथंच गोंधळ होतो म्हणून सांगतो, आमच्याकडे दादा म्हणजे मोठा भाऊ नाही, दादा म्हणजे वडिलांचे वडील. आम्ही बीडचे. घरात दख्खनी, शाळेत मराठी, आणि मदरशात अरबी, ती पण फक्त वाचायला. बीड १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होतं, त्यामुळे आमच्या जिभेवर 'हौ' आणि 'नक्को' अजून आहेत.

दादा हाफिज होते. म्हणजे पूर्ण कुराण तोंडपाठ. मोहल्ल्यातल्या एका छोट्या मशिदीत ते दर रमजानला तरावीह पढवायचे. तरावीह म्हणजे रमजानमधली रात्रीची लांब नमाज. रोज सव्वा पारा वगैरे करत करत सत्ताविसाव्या रात्री कुराण पूर्ण करायचं. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो, समोर पुस्तक नसतं. इमामाच्या मागे दुसरा एक हाफिज उभा असतो, तो फक्त ऐकत असतो, आणि इमाम कुठे अडकला की मागून तो शब्द देतो. त्याला लुकमा देणं म्हणतात.

१९९६ चा रमजान ऐन थंडीत आला होता. त्या वर्षी माझ्या चुलत्यांनी घरातला टू-इन-वन उचलला, मशिदीत खांबाशेजारी ठेवला आणि शेवटच्या रात्री नव्वद मिनिटांची कॅसेट भरली. शेवटचा पारा, आपण ज्याला अम्मा पारा म्हणतो, तो त्यात आहे. मी तेव्हा चार वर्षांचा होतो. त्या कॅसेटमध्ये एका ठिकाणी एक पोरगं रडतंय, घरच्यांचं म्हणणं ते मीच.

दादा २००९ ला गेले. २०१४ मध्ये मी डिप्लोमाला होतो, घरात नवीन लॅपटॉप आला होता, आणि मला वाटायचं की मला कॉम्प्युटरमधलं सगळं कळतं. मी कॅसेट लॅपटॉपवर घेतली. टेपच्या हेडफोनच्या भोकातून वायर काढून लॅपटॉपच्या माइकच्या भोकात घातली, झालं. दोन्ही बाजू मिळून डब्ल्यूएव्ही फाइल झाली साडेनऊशे एमबीच्या आसपास. आता ती पाठवायची कशी? सगळ्या नातेवाइकांना हवी होती, माजलगावच्या फुफूला, औरंगाबादच्या चुलत्यांना. व्हॉट्सअपवर तेव्हा सोळा एमबीची मर्यादा. मी हिशेब केला, पंचेचाळीस मिनिटांची एक बाजू सोळा एमबीत बसवायची तर चाळीस केबीपीएसची एमपी३ करावी लागेल. केली. साडेतेरा एमबी. पाठवली. सगळे रडले, दुआ दिल्या, मी हिरो झालो.

आणि मग लॅपटॉपमध्ये जागा नाही म्हणून मी ती मोठी फाइल डिलीट केली. म्हणलं, कॅसेट आहेच की.

दोन वर्षांनी घरात लग्न निघालं. रंगकाम काढलं, जुनं सामान भंगारवाल्याला दिलं. त्यात टू-इन-वन गेला. कॅसेट कव्हरमध्ये शोधली तर कव्हर रिकामं. कॅसेट टेपच्या आतच होती. मीच शेवटची वाजवली होती, मीच काढायची विसरलो होतो. दुसऱ्या दिवशी अब्बा आणि मी तीन भंगारवाल्यांकडे फिरलो. नाही मिळाली. अब्बा मला काही बोलले नाहीत. बोलले असते तर बरं झालं असतं.

तर आज दादांच्या आवाजाचं जे शिल्लक आहे ते एवढंच. चाळीस केबीपीएस.

इतकी वर्षं मला वाटत होतं, काय फरक पडतो? आवाज तर येतोय ना. फरक गेल्या वर्षी कळला, आणि तो कळवला माझ्या भाचीने. नऊ वर्षांची आहे, अम्मा पारा पाठ करतेय. तिच्या उस्तादांनी तिला एका अक्षरावर अडवलं होतं. अरबीत आपल्या कानाला 'स' वाटतील अशी तीन अक्षरं आहेत. एक सीन, आपला साधा स. दुसरं साद, जाड, जिभेचं मूळ मागे ओढून. आणि तिसरं 'से', ज्याला अरब 'सा' म्हणतात. त्याच्यासाठी जिभेचं टोक दातांच्या मधे आणायचं, इंग्रजीतल्या 'थिंक'च्या सुरुवातीसारखं. उर्दूत आणि आपल्या दख्खनीत तिन्ही एकच होऊन जातात, सरळ स. 'ज़'चं तर विचारूच नका, तिथे चार आहेत.

सूरह कौसर घ्या. तीन आयती, कुराणातली सगळ्यात छोटी सूरह. तिच्या नावातच हा 'से' आहे. आपण बोलताना कौसर म्हणतो, पढताना जीभ दातांमधे गेली पाहिजे. आणि त्याच सूरहमध्ये पुढे साद पण येतो. म्हणजे दोन्ही शेजारी शेजारी. भाचीला ते जमेना, रडकुंडीला आली, आणि मला म्हणाली, "मामू, दादाअब्बा कैसा पढते थे? उनका लगाओ ना."

मी लावलं. ऐकलं. परत लावलं. मग फोन सोडून चांगले हेडफोन लावले, दहा वेळा ऐकलं. आणि मला सांगता येईना.

साद कळतो. दादांचा साद अगदी स्वच्छ आहे. याचं कारण असं की जाड अक्षराची खूण त्या अक्षरापेक्षा शेजारच्या स्वरात जास्त असते. सादनंतरचा 'अ' जरा खोल, घोगरा होतो, आणि ती गोष्ट खालच्या पट्टीत घडते. ती चाळीस केबीपीएसमध्ये पण वाचली. पण सीन आणि से यांच्यातला फरक म्हणजे नुसती हवा. सीनची हवा धारदार, शिट्टीसारखी, पाच-सहा हजार हर्ट्झच्या वर तिचा जोर. से ची हवा मंद, पसरट, आवाजाने दुबळी. आणि माझ्या फाइलमध्ये त्या पट्टीत आहे फक्त खळखळ. पाण्याच्या टाकीत कुणीतरी बुडबुडे सोडतंय असं.

तुम्ही पण हा अनुभव घेतलाय. साध्या फोन कॉलवर कुणी स्पेलिंग सांगतं तेव्हा 'एफ' की 'एस' ते कळत नाही, मग 'एफ फॉर फादर' म्हणावं लागतं. जुन्या पद्धतीच्या कॉलमध्ये साधारण ३०० ते ३४०० हर्ट्झ एवढाच आवाज जातो, आणि स, फ यांची खरी ओळख त्याच्या वर असते. लॉकडाउनमध्ये, २०२० चा रमजान एप्रिलअखेर लागला तेव्हा, मशिदी बंद होत्या. किती पोरांनी फोनवर उस्तादांना सबक ऐकवला असेल! उस्ताद म्हणणार "फिर से पढ", पोरगं पढणार, आणि चूक पोराची की फोनची हे दोघांनाही कळणार नाही.

आता थोडं टेक्निकल, पण लवकर उरकतो. एमपी३ काय करते? तुम्ही बार्शी नाक्यावर उभे आहात, बाजूने ट्रॅक्टरवर डीजे चाललाय. शेजारचा माणूस कुजबुजला तर ऐकू येईल का? नाही. एमपी३ म्हणते, मग ती कुजबुज साठवायचीच कशाला? टाका काढून. मोठ्या आवाजाच्या आड झाकलेले बारीक आवाज ती फेकून देते, आणि वरची पट्टी कापते. १२८ केबीपीएसला साधारण सोळा हजार हर्ट्झच्या वरचं जातं, ते बहुतेकांना जाणवतही नाही. चाळीसला मात्र अगदी खालपर्यंत कात्री लागते. शिवाय एक गंमत आहे. कॅसेटला स्वतःची 'हिस्स' असते, सतत. ही हिस्स एमपी३ला फार जड जाते, कारण तिच्यात कसलाच नमुना नसतो. असलेले मोजके बिट ती हिस्स सांभाळण्यात खर्च होतात आणि आवाजाच्या वाट्याला उरतं कमी. म्हणजे दादांच्या वाट्याचं हिस्सने खाल्लं.

लॉसलेस, म्हणजे फ्लॅक वगैरे, वेगळं काम करतं. फ्लॅक २००१ पासून आहे आणि फुकट आहे. साडी व्यवस्थित घडी घालून ट्रंकेत ठेवली तर जागा कमी लागते, आणि उलगडली की काठापदरासकट तीच साडी. एमपी३ म्हणजे पदर कापून ठेवला. वरून दिसायला साडीच.

म्हणून मी ठरवलं की आता सगळं लॉसलेसमध्ये ऐकायचं. शेख महमूद खलील अल-हुसरींची तिलावत मिळवली. भाचीला पण तीच लावून दिली. हुसरींबद्दल दोन मिनिटं बोलतो, कारण त्यांच्या रेकॉर्डिंगची गोष्ट ऐकून मला माझ्या भंगारवाल्याची आठवण येते.

इस्लामच्या सुरुवातीच्या काळात यमामाची लढाई झाली, त्यात बरेच हाफिज मारले गेले. तेव्हा भीती वाटली की ज्यांच्या छातीत कुराण आहे ते असेच जात राहिले तर काय करायचं. त्यातून पहिले खलिफा अबू बक्र यांच्या काळात कुराण एकत्र लिहून घेतलं गेलं, अशी रिवायत आहे. आता तेरा शतकं पुढे या. १९५९, काहिरा. लबीब अस-सईद नावाच्या गृहस्थांनी म्हटलं, लिहून झालं, आता आवाज जमा करा. कारण पढण्याची पद्धत कागदावर उतरत नाही. कुठे किती ओढायचं, कुठे नाकात घुमवायचं, क़ाफ कसा फोडायचा, ते माणसाकडून माणसाकडेच जातं, आणि जुने जाणकार एकेक करून चालले होते. त्यांनी या कामाला जे नाव दिलं त्याचा अर्थच 'कुराणाचं पहिलं ध्वनि-संकलन'. आवाज निवडला हुसरींचा, आणि १९६१ मध्ये संथ, शिकवण्यासारख्या पद्धतीची पूर्ण कुराणाची तबकडी-मालिका बाहेर आली. पूर्ण कुराण रेकॉर्ड झालं ते हे पहिलं.

उलटं उदाहरण शेख मुहम्मद रिफअत यांचं. १९३४ मध्ये इजिप्तचा सरकारी रेडिओ सुरू झाला तो त्यांच्या तिलावतीने. १९५० ला ते गेले. आज त्यांचा जो आवाज आपण ऐकतो, त्यातला बराचसा चाहत्यांनी रेडिओवरून आपापल्या घरी टिपून ठेवला म्हणून आहे. खरखर, चिरा, मधेच तुटतो. तरी लोक जीव टाकून ऐकतात. मीही ऐकतो. त्याची फ्लॅक केली तर? खरखर फ्लॅकमध्ये येईल, बाकी काही नाही. मुळात जे टिपलंच नाही ते कुठलंही फॉरमॅट आणून देत नाही.

तर मी हुसरी लॉसलेसमध्ये लावले आणि पहिल्या दिवशी हरखून गेलो. श्वास ऐकू येतो! आयत संपल्यावर स्टुडिओत किती शांतता होती ते ऐकू येतं. क़ाफचा तो ठोका, ज्याला क़लक़ला म्हणतात, एकदम सुटा, कोरडा. आणि क़ाफ महत्त्वाचाच आहे बाबा, क़ल्ब म्हणजे काळीज आणि साधा क लावून कल्ब म्हटलं की कुत्रा.

पण माझा एक मित्र आहे, सुभाष रोडच्या बाजूला मोबाइल रिपेअरिंग करतो, महाखट. तो म्हणाला, "तुला लॉसलेस कळतंय का लॉसलेस लिहिलेलं कळतंय, बघू." डोळे मिटायला लावले आणि एकच तुकडा दहा वेळा वाजवला, कधी फ्लॅक, कधी ३२० ची एमपी३. मी दहापैकी पाच बरोबर सांगितले. म्हणजे नाणं उडवल्यासारखं. १२८ ला सात. ६४ ला दहापैकी दहा. आणि वर त्याने सांगितलं की पहिल्या दिवशी मी हरखलो होतो तेव्हा माझ्या कानात ब्लूटूथ होतं. साधं ब्लूटूथ आवाज पाठवताना स्वतःच परत कात्री लावतं. म्हणजे फ्लॅक फोनमध्ये होती, कानापर्यंत आलीच नव्हती. जे ऐकून मी 'वाह' म्हणत होतो ते हुसरींचं होतं, फॉरमॅटचं नव्हतं.

एवढ्यावर त्याचं समाधान नाही. मी उतरवलेल्या 'एचडी लॉसलेस' कुराणच्या दुसऱ्या काही फाइल त्याने स्पेक नावाच्या फुकटच्या सॉफ्टवेअरमध्ये टाकल्या. त्यात आवाजाचं चित्र दिसतं. सोळा हजारावर सरळ रेघ मारल्यासारखं कापलेलं, वर काळाकुट्ट अंधार. म्हणजे कुणीतरी एमपी३ घेतली आणि तिची फ्लॅक बनवली. कापलेल्या साडीला इस्त्री करून मोठ्या डब्यात ठेवली. आणि काहींमध्ये तर इतका इको घातलेला की प्रत्येक अक्षराचं शेपूट पुढच्या अक्षरावर. माझं स्पष्ट मत आहे, शिकायला हा इको एमपी३पेक्षा वाईट. लोकांना तो 'रूहानी' वाटतो, वाटू दे.

आता हिशेब. संथ तिलावतीत पूर्ण कुराण म्हणजे सुमारे तीस तास. १२८ केबीपीएसला पावणेदोन जीबी. सीडीच्या दर्जाची सरळ फाइल एकोणीस जीबी. फ्लॅक त्याच्या निम्मी, नऊ-दहा जीबी. रोजच्या ऐकण्यासाठी एवढं भरायची गरज नाही. मूळ चांगलं असेल तर १९२ किंवा २५६ घ्या, वायर लावा, निवांत बसा. बसमध्ये, जिममध्ये पाठीमागे चालू ठेवायची ती गोष्ट पण नाही, तिलावत चालू असली की गप्प बसून ऐकायचं असतं हे आपल्याला लहानपणापासून सांगितलंय. आणि मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्ड भरून मिळतं ना, 'पूर्ण कुराण' एका छोट्या चिपमध्ये, ते बरेचदा फार दाबलेलं असतं. सवाबसाठी ऐका, पण पोरांना अक्षरं त्यावरून शिकवू नका.

मग लॉसलेस कशासाठी? जपायला. तुमच्या घरात जी एकमेव गोष्ट आहे तिच्यासाठी. हुसरींची फाइल माझ्याकडून उडाली तर जगात लाख ठिकाणी आहे. दादांची फक्त माझ्याकडे होती.

हे फक्त आमच्या मोहल्ल्यापुरतं नाही. नारायणगड, भगवानगड, गावोगावचे सप्ताह, तिथल्या कीर्तनांच्या कॅसेट आपल्या जिल्ह्यात किती घरांत पडून असतील! कुणाच्या आज्जीच्या जात्यावरच्या ओव्या असतील. ऊसतोडीला निघताना घर बंद होतं सहा महिने, पत्र्याखाली उन्हात ती कॅसेट ट्रंकेत तापत असते. तर काय करायचं, मी जिथे चुकलो त्या क्रमाने सांगतो.

आधी कॅसेटच्या वरच्या कडेचे दोन प्लास्टिकचे कान मोडून टाका, म्हणजे चुकून वर काही रेकॉर्ड होणार नाही. टेपचं हेड कापसाने, आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा. वायर लाइन-आउटमधून लाइन-इनमध्ये घ्या, मी माइकच्या भोकात घातली होती तिथे आवाज फाटतो. ऑडॅसिटी फुकट आहे, त्यात घ्या. टू-इन-वनच्या रेकॉर्डिंगला ४४.१ किलोहर्ट्झ, १६ बिट, मोनो पुष्कळ झालं, उगाच २४ बिट, १९२ च्या मागे लागू नका. हिस्स काढायचा मोह होईल, पहिल्या कॉपीत काढू नका. फ्लॅक करा. नव्वद मिनिटांची कॅसेट तीनशे एमबीच्या आसपास बसते, तुम्ही एका संध्याकाळी रील्समध्ये तेवढा डेटा घालवता. दोन ठिकाणी ठेवा, त्यातलं एक घराबाहेर. आणि व्हॉट्सअपवर पाठवायचीच असेल तर डॉक्युमेंट म्हणून पाठवा, ती जशीच्या तशी जाते. मर्यादाही आता दोन जीबीची आहे. २०१४ ला असती तर, असो.

भाचीचं काय झालं? मी तिला घेऊन दादांच्या मागे लुकमा द्यायला जे हाफिजसाहेब उभे असायचे त्यांच्याकडे गेलो. ऐंशीच्या पुढे आहेत. कान गेलेत बऱ्यापैकी, श्रवणयंत्र लावतात. मी त्यांना फाइल ऐकवली, विचारलं, दादा कौसरमधला 'से' दातांमधून काढायचे की आपल्यासारखा स? त्यांनी फाइल अर्धी ऐकून बाजूला केली. म्हणाले, "इसमें क्या सुनूँ, तुम्हारे दादा के पीछे बीस साल खडा हूँ." मग भाचीला समोर बसवलं आणि म्हणाले, पढ. ती पढली. ते ऐकत नव्हते, तिच्या तोंडाकडे बघत होते. जिभेचं टोक दिसलं पाहिजे, एवढंच. तिसऱ्या वेळेला दिसलं. तेव्हा म्हणाले, "हौ. ऐसाच."

आता हे दादांचं 'ऐसाच' की त्यांचं, मला माहीत नाही. खरं सांगायचं तर त्या स्वस्त टेपने, खांबाशेजारून, वरची पट्टी मुळात किती टिपली असेल याचीही शंका आहे. कदाचित साडेनऊशे एमबीच्या फाइलमध्ये पण तो 'से' सापडला नसता. पण 'कदाचित' म्हणायची वेळ माझ्यावर मीच आणली.

निघताना मी फोन काढला आणि विचारलं, हाफिजसाहेब, तुमचा अम्मा पारा रेकॉर्ड करू का? आधी नको म्हणाले, दिखावा होतो म्हणाले. मग म्हणाले, पोरांसाठी असेल तर कर, पण माझं नाव लावू नकोस. म्हणून नाव नाही सांगत. साध्या कॉलर माइकवर, पंखा बंद करून, डब्ल्यूएव्हीमध्ये घेतला. सदतीस मिनिटं. तीन ठिकाणी ठेवलाय.

आणि एक. हा भाग करायच्या आठ दिवस आधी माजलगावच्या फुफूचा फोन आला. तिच्या ट्रंकेत एक कॅसेट सापडलीय, वर उर्दूत फक्त 'अब्बा' लिहिलंय. परवा एसटीने जाऊन घेऊन आलो. आत बघितलं तर टेपच्या मागचा तो छोटा स्पंजचा तुकडा असतो ना, प्रेशर पॅड, तो निखळलाय आणि फितीला एके ठिकाणी बुरशी आहे. दादा असतील, किंवा कुठल्या तरी कव्वालीची कॅसेट असेल. दुसऱ्या जुन्या कॅसेटमधला पॅड काढून बसवायचा, बुरशी साफ करायची, आणि त्याआधी प्ले दाबायचं नाही, असं मित्राने बजावलंय. कॅसेट सध्या त्याच्या दुकानात आहे, माझ्या घरी ठेवलेली नाही.

वाजली की सांगतो. खुदा हाफिज, रामराम.